लोगोवर अडकलेला फोन

रात्री अपडेट लावून उशाशी ठेवलेला फोन सकाळी कंपनीच्या नावापुढे सरकत नाही. नाव उमटतं, पडदा काळा होतो, पुन्हा नाव उमटतं. कोल्हापुरात असा फोन घेऊन माणूस राजारामपुरीतल्या किंवा स्टेशन रोडवरच्या ओळखीच्या दुकानात जातो आणि म्हणतो, "भावा, लोगोवरच अडकलाय बघ. काय कळंना झालंय." काउंटरमागचा पोरगा बटणं दाबून बघतो, चार्जर लावून बघतो आणि विचारतो, "आतला डाटा पाहिजे काय? सॉफ्टवेअर मारावं लागंल."

त्याच्या या एका प्रश्नात बरंच काही दडलंय. ‘सॉफ्टवेअर मारणं’ म्हणजे संगणकावरच्या प्रोग्रॅमने फोनच्या चिपमधली मूळ प्रणाली पुन्हा लिहिणं. हे काम शहरातल्या गल्लीगल्लीत रोज चालतं. तरी फोन देणाऱ्याला आत काय होतं ते माहीत नसतं, आणि फोन घेणाऱ्याला ते सांगत बसायला सवड नसते. परिणामी कुणाचे फोटो जातात, कुणाच्या फोनला नंतर रेंजच येत नाही, आणि कुणी पंधराशे रुपये देऊन पाचशेचं काम करून घेतो.

अशा फोनमध्ये पुष्कळदा एकही भाग जळालेला नसतो. बिघडलेला असतो तो साठवणीच्या चिपमधला मजकूर. फोन सुरू होताना एक प्रोग्रॅम दुसऱ्याला उठवतो, दुसरा तिसऱ्याला. सुरुवातीला अगदी छोटा लोडर, मग बूटलोडर, मग अँड्रॉइडचा गाभा, मग सगळी प्रणाली आणि शेवटी आपली अॅप्स व फोटो. या साखळीतली एक कडी अर्धवट लिहिली गेली, की पुढचं काहीच उठत नाही. अपडेट चालू असताना बॅटरी संपली, साठवण काठोकाठ भरली होती, कुणीतरी दुसऱ्याच मॉडेलची फाईल टाकली, अशी कारणं असतात.

मला या सगळ्यात सर्वांत विलक्षण वाटते ती साखळीची पहिली कडी. प्रोसेसरच्या सिलिकॉनमध्येच कारखान्यात कोरलेला एक छोटा प्रोग्रॅम असतो. त्याला बूटरॉम म्हणतात. तो पुसता येत नाही, बदलता येत नाही. फोनची साठवण पूर्ण कोरी झाली तरी तो शाबूत राहतो. वीज मिळाली की तो जागा होतो आणि पुढचा लोडर शोधतो. लोडर सापडला नाही, किंवा ठरावीक बटण दाबून धरलेलं असलं, तर तो यूएसबीच्या तारेवर कान देऊन बसतो. पडदा काळा, बटणं निकामी, चार्जिंगची खूणही नाही, अशा ‘डेड’ फोनशी संगणक बोलू शकतो तो याच्यामुळे.

मीडियाटेकची चिप असलेल्या फोनवर हे संभाषण कसं होतं ते जवळून पाहण्यासारखं आहे. दुकानातल्या संगणकावर ‘एसपी फ्लॅश टूल’ उघडलेलं असतं. फोन बंद करून, आवाजाचं बटण दाबून धरून तार जोडतात. संगणक एकामागून एक चार बाइट पाठवतो : ए०, ०ए, ५०, ०५. बूटरॉम प्रत्येकाला नेमकं उलटं उत्तर देतो : ५एफ, एफ५, एएफ, एफए. पहिल्याचा प्रत्येक शून्य दुसऱ्यात एक झालेला असतो आणि प्रत्येक एकाचा शून्य. एवढं जुळलं, की दोघांची ओळख पटली. मग संगणक ‘डाउनलोड एजंट’ नावाचा छोटा प्रोग्रॅम फोनमध्ये पाठवतो. बूटरॉमला स्वतःला फारसं काही करता येत नाही. फोनची मुख्य मेमरी जागी करणं आणि साठवणीत लिहिणं ही कामं हा एजंट करतो. पडद्यावर आधी लाल पट्टी भरते, तेव्हा एजंट आत जात असतो. मग पिवळी पट्टी सरकू लागते, म्हणजे खरं लेखन सुरू झालं. शेवटी हिरवी खूण येते.

काय कुठे लिहायचं हे त्या टूलला ‘स्कॅटर फाईल’ सांगते. ही साधी मजकुराची फाईल आहे, नोटपॅडमध्ये उघडून कुणीही वाचावी. सातबाऱ्यावर जसा गट नंबर आणि क्षेत्र असतं, तशी या फाईलमध्ये चिपवरच्या प्रत्येक तुकड्याची नोंद असते : नाव काय, कुठून सुरू होतो, केवढा आहे. प्रीलोडर, बूट, रिकव्हरी, सिस्टिम, युजरडाटा आणि एनव्हीरॅम. शेवटची दोन नावं लक्षात ठेवा. युजरडाटामध्ये आपले फोटो, संदेश, अॅप्स असतात. एनव्हीरॅममध्ये त्या एकाच फोनची खास माहिती असते : त्याचा आयएमईआय क्रमांक, वायफायचा पत्ता, रेडिओच्या जुळवणीचे आकडे. कंपनीच्या फर्मवेअरमध्ये ही माहिती नसते, कारण ती प्रत्येक फोनची वेगळी असते.

या टूलमध्ये तीन पर्याय असतात. ‘डाउनलोड ओन्ली’ निवडून युजरडाटापुढची खूण काढली, तर फक्त प्रणालीचे तुकडे नव्याने लिहिले जातात आणि फोटो वाचण्याची चांगली शक्यता राहते. ‘फर्मवेअर अपग्रेड’ हा मधला मार्ग. तिसरा पर्याय ‘फॉरमॅट ऑल प्लस डाउनलोड’. तो सगळी चिप आधी पुसतो, एनव्हीरॅमसकट. घाईतला कारागीर हाच निवडतो, कारण याने फोन बहुधा चालू होतो. पण चालू झालेल्या फोनमध्ये ‘इनव्हॅलिड आयएमईआय’ दिसतं, रेंज येत नाही, आणि वायफायच्या यादीत शेजाऱ्यांच्या नावांबरोबर ‘एनव्हीरॅम वॉर्निंग’ नावाचं एक विचित्र नेटवर्क झळकतं. जाणता कारागीर आधी एनव्हीरॅमची प्रत काढून ठेवतो, मगच पुढे जातो. त्याला काही मिनिटं जास्त लागतात. कारागिराची पारख मी याच गोष्टीवरून करीन.

बाकीच्या कंपन्यांची रीत वेगळी, तत्त्व तेच. सॅमसंगसाठी ‘ओडिन’ नावाचं टूल वापरतात. त्यात बीएल, एपी, सीपी आणि सीएससी असे चार रकाने भरायचे. शेवटच्या रकान्यात ‘होम सीएससी’ची फाईल घातली तर सहसा डाटा राहतो, नुसती ‘सीएससी’ घातली तर जातो. क्वालकॉमची चिप असेल तर संगणकावर ‘९००८’ या क्रमांकाचा पोर्ट दिसतो आणि दुकानातले लोक त्या अवस्थेलाच ‘ईडीएल’ म्हणतात. शाओमीच्या ‘मी फ्लॅश’ टूलमध्ये खालच्या कोपऱ्यात ‘क्लीन ऑल अँड लॉक’ हा पर्याय आधीच निवडलेला असतो. चीनमध्ये विकायला बनवलेल्या फोनवर बाहेरच्या देशाचं फर्मवेअर टाकताना तो तसाच राहू दिला, तर बूटलोडरला कुलूप लागतं आणि ही प्रणाली या फोनवर चालणार नाही, असा संदेश देऊन फोन अडून बसतो. आयफोनचा मामला आणखी कडक. संगणक आधी अॅपलच्या सर्व्हरला विचारतो आणि त्या एका फोनपुरती सही मिळाली तरच लेखन होतं.

कोल्हापुरातल्या दुकानांनी हे काम नोकियाच्या काळापासून केलंय. तेव्हा बॅटरी काढली की खाली बारीक पितळी ठिपके दिसायचे. त्यांवर पिना टेकवायच्या, दुसरं टोक ‘जॅफ’सारख्या बॉक्सला आणि बॉक्स संगणकाला. नोकियाच्या फर्मवेअरमध्ये भाषांची फाईल वेगळी असे आणि कुठल्या भाषांचा गट टाकायचा हे कारागीर निवडू शके. परदेशातून आलेल्या संचात आपल्या भाषा आणायच्या तर फाईल बदलायची, एवढाच मार्ग होता.

अँड्रॉइडच्या सुरुवातीच्या वर्षांत मराठी वाचकाला याहून मोठा त्रास झाला. अँड्रॉइड २.३ पर्यंत मूळ प्रणालीत देवनागरीचा फाँटच नव्हता. मराठी बातमी उघडली की ओळीच्या ओळी चौकोनी डबे दिसत. ज्यांना फोन रूट करून, म्हणजे मूळ प्रणालीत बदल करण्याचा हक्क मिळवून, फाँट आत टाकता येत होता त्यांना अक्षरं मिळाली, पण जोडाक्षरं मिळाली नाहीत. ‘विठ्ठल’ लिहिलेलं वाचायला घेतलं, तर वेलांटी ‘व’च्या उजवीकडे आणि ‘ठ्ठ’चे दोन सुटे तुकडे. अक्षरांची मांडणी करणारा भागच प्रणालीत नसल्यामुळे नुसत्या फाँटने काम भागत नव्हतं. २०११ च्या अखेरीस आलेल्या ४.० पासून हे सुधारू लागलं, आणि फोनचे मेन्यू मराठीत दिसण्याची सोय २०१४ च्या ५.० मध्ये झाली. आपली लिपी वाचता यावी म्हणून अनेकांनी आपला फोन पहिल्यांदा संगणकाला जोडला. हौस म्हणून हिणवलं गेलेलं हे काम मला फार मोलाचं वाटतं.

त्याच सुमाराची आणखी एक गोष्ट या विषयाच्या मुळाशी आहे. मोठ्या आवाजाचे, दोन सिमांचे, स्वस्त ‘चायना मोबाईल’ बाजारात भरून आले होते. त्यांतल्या पुष्कळ संचांना आयएमईआय नव्हता, नाहीतर हजारोंना एकच होता. आयएमईआय हा पंधरा अंकी क्रमांक. पहिले आठ अंक मॉडेल सांगतात, पुढचे सहा त्या संचाचा अनुक्रम, आणि शेवटचा अंक आधीच्या चौदांवरून गणित करून काढलेला, म्हणजे लिहिताना चूक झाली तर पकडता यावी. फोन कुणाचा, कुठे, हे शोधायला सुरक्षा यंत्रणांना या क्रमांकाची गरज असते. म्हणून ३० नोव्हेंबर २००९ नंतर क्रमांक नसलेल्या संचांचे कॉल बंद करण्याचा आदेश निघाला. देशात असे सुमारे अडीच कोटी संच असल्याचा अंदाज तेव्हा सांगितला जात होता. लोकांचे फोन एका रात्रीत निकामी होऊ नयेत म्हणून मोबाईल कंपन्यांच्या संघटनेने सरकारच्या संमतीने एक मोहीम काढली : नेमलेल्या दुकानात जायचं, १९९ रुपये द्यायचे, आणि दुकानदार संगणकावरून फोनमध्ये खरा आयएमईआय लिहून देणार.

आज तेच लेखन गुन्हा आहे. ऑगस्ट २०१७ च्या नियमांनी आयएमईआय बदलण्याला तीन वर्षांपर्यंतच्या कैदेची शिक्षा लावली. २०२३ च्या दूरसंचार कायद्यात तीन वर्षांपर्यंत कैद, पन्नास लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही, अशी तरतूद आली. कारण उघड आहे. चोरलेल्या फोनचा क्रमांक बदलला की तो सापडत नाही. चोरीचे फोन क्रमांकावरून बंद करणारी ‘सीईआयआर’ ही केंद्रीय व्यवस्था सप्टेंबर २०१९ मध्ये आधी महाराष्ट्र आणि गोव्याच्या भागातच सुरू झाली आणि मे २०२३ मध्ये देशभर गेली. तिचा सगळा भार या पंधरा अंकांवर आहे.

म्हणजे ज्या वाटेने मेलेला फोन जिवंत होतो, त्याच वाटेने चोरलेला फोन धुऊन निघतो. बूटरॉमला समोर कारागीर आहे की चोर, हे ओळखता येत नाही. म्हणून कंपन्यांनी एकेक कडी बंद करत आणली. चिपमध्ये जाळून पक्क्या केलेल्या खुणेशी जुळणारी सही असेल तरच एजंट आत घ्यायचा. २०१५ च्या अँड्रॉइड ५.१ पासून फोन पुसला तरी जुनं गूगल खातं मागितलं जातं; दुकानातली ‘एफआरपी’ ती हीच. फोनमधला डाटा कुलूपबंद असतो आणि त्याची किल्ली त्याच चिपला बांधलेली असते, त्यामुळे युजरडाटा एकदा पुसला की तो परत आणतो म्हणणाऱ्यावर विश्वास ठेवू नका. जुनं फर्मवेअर परत टाकण्यालाही बंदी आली. २०१८ मध्ये रेडमी नोट ५ प्रो वापरणाऱ्यांनी नवं अपडेट आवडलं नाही म्हणून जुनी आवृत्ती टाकली आणि अनेकांचे फोन पूर्ण काळे पडले. ते उठवायला ‘९००८’ची वाट उरली होती, पण तिथे कंपनीने मान्य केलेलं खातं लागायचं. बाहेरच्या कारागिराकडे ते नव्हतं.

चोराला अडवणं योग्यच आहे. पण कुलपं लावताना कारागिराला चावी कुणी दिली नाही, आणि त्याचा परिणाम दुकानात दिसतो. खातं मिळत नाही म्हणून कारागीर ऑनलाइन ‘क्रेडिट’ विकत घेतो, म्हणजे दुसऱ्याचं खातं तेवढ्यापुरतं वापरतो; कुणाचं ते माहीत नसतं. टूल चालवायला लागणारा महागडा डोंगल परवडत नाही म्हणून तोडफोड केलेलं टूल उतरवून घेतो, ते चालवायला अँटिव्हायरस बंद करतो, ड्रायव्हरची सही तपासणं बंद करतो, आणि त्याच संगणकाला दिवसभर लोकांचे फोन जोडतो. कुलूप चोरासाठी केलेलं असलं तरी ते रोज अडवतं दुरुस्ती करणाऱ्याला.

दुरुस्ती फ्लॅशनेच होईल असंही नाही, आणि हे सांगायला हवं, कारण इथे पैसे वाया जातात. २०१९ च्या ऑगस्टमध्ये आणि पुन्हा २०२१ च्या जुलैमध्ये पंचगंगेचं पाणी शहरात शिरलं, तशा पुरात भिजलेल्या फोनला आधी फ्लॅश मारणं चूक आहे. ओल्या, गंजू लागलेल्या बोर्डावर लेखन चालू असताना वीज क्षणभर तुटली, तर उरलीसुरली साखळीही जाते. नीट काम करणारा आधी बॅटरी काढून बोर्डाला डीसी पॉवर सप्लाय लावतो आणि करंटचा आकडा बघतो. बटण न दाबताच आकडा चढला, तर शॉर्ट आहे. तिथे संगणकाचं काही काम नाही. बटण दाबल्यावर आकडा थोडा हलून एका जागी थांबला, तर प्रणालीकडे किंवा साठवणीच्या चिपकडे संशय जातो. मीडियाटेकच्या टूलमध्ये ‘४०३२’ क्रमांकाची एरर आली, तर फोनची मेमरी जागी झालेली नाही : फाईल दुसऱ्या मॉडेलची आहे, नाहीतर चिपचा टाका सुटलाय. आणि पिवळी पट्टी दर वेळी एकाच ठिकाणी अडकत असेल, तर साठवणीची चिप झिजली असण्याचा संभव मोठा. ती चिप बदलावी लागते, आणि तिच्याबरोबर फोटो जातात.

फोन दुकानात देण्याआधी खोक्यावरचा किंवा *#०६# दाबून दिसणारा आयएमईआय लिहून ठेवा. परत घेताना पुन्हा तोच दाबून बघा. डाटा हवा असेल तर ‘फॉरमॅट मारू नका’ हे शब्दांत सांगा, बिलावर लिहून घ्या. घरी संगणक असेल तर कंपनीचं स्वतःचं टूल आहे का ते आधी पाहा. मोटोरोलाचं आहे, गूगल आपल्या पिक्सेल फोनचं फर्मवेअर उघडपणे देतं, आयफोन संगणकाला जोडून रिस्टोअर करता येतो. तिथे पैसे लागत नाहीत.

या शहराला दुरुस्तीची किंमत कुणी नव्याने शिकवायला नको. शेतावरची तेलइंजिनं खोलून दुरुस्त करणाऱ्या म्हादबा मेस्त्रींसारख्या माणसांच्या हातून इथला इंजिनांचा उद्योग उभा राहिला आणि शिवाजी उद्यमनगर त्यातून वाढलं. त्यांच्यासमोरच्या इंजिनाला पाना लागत होता, सही लागत नव्हती. आज मोबाईल खोलणाऱ्या पोराच्या हातात तेवढंच कसब असतं, पण कंपनीने परवानगी दिल्याशिवाय ते वापरता येत नाही. केंद्र सरकारने जुलै २०२२ मध्ये दुरुस्तीच्या हक्कासाठी समिती नेमली आणि त्याच वर्षी २४ डिसेंबरला त्यासाठीचं पोर्टल सुरू केलं. युरोपात जून २०२५ पासून नव्या मोबाईलना वर्षानुवर्षं अपडेट आणि सुटे भाग देणं कंपन्यांना बंधनकारक झालं. आपल्याकडे पोर्टलवर सेवा केंद्रांचे पत्ते आणि हमीची माहिती मिळते. राजारामपुरीतल्या कारागिराला लागणारी सही मिळत नाही.

ती सही नोंद ठेवून द्यावी, असं माझं म्हणणं आहे. ज्याचा दुकान परवाना आहे आणि ज्याने मोबाईल दुरुस्तीचा मान्य अभ्यासक्रम केलाय त्याला कंपनीने खातं द्यावं, आणि त्या खात्यातून झालेल्या प्रत्येक लेखनाला फोनचा आयएमईआय, तारीख आणि दुकानाचा क्रमांक चिकटावा. चोरीचा फोन धुऊन निघाला तर कुठे निघाला ते पोलिसांना पहिल्या दिवशी कळेल. तपासणीचा एक भाग तर आत्ताही हाताशी आहे : ‘केवायएम’ लिहून पुढे आयएमईआय घालून १४४२२ वर संदेश पाठवला, की तो क्रमांक खरा आहे का आणि काळ्या यादीत आहे का, हे उत्तर येतं. तार जोडण्याआधी हा संदेश पाठवणारी आणि बिल दाखवल्याशिवाय एफआरपीला हात न लावणारी दुकानं कोल्हापुरात आहेत. चावी देताना सुरुवात त्यांच्यापासून करता येईल.